हात कोणी सोडला?

विश्वास ठेवा किंवा ठेवू नका, यात माझ्या पदरचं काही नाही. भाऊजींनी, म्हणजे माझ्या बहिणीच्या नवऱ्याने, हे मला भर दुपारी सांगितलं. समोरचा चहा गार झाला तरी त्यांनी कपाला हात लावला नाही. भुताच्या गोष्टी ऐकून जांभया देणारा माणूस तो.

भाऊजी विमा कंपनीत तपासनीस. अपघात झाला की जबाब घ्यायचे आणि कंपनीला भरपाई कमी कशी द्यावी लागेल ते बघायचं. माणसाला शब्दांत पकडण्यात भाऊजींचा हात कोणी धरणार नाही, असं आम्ही घरात गमतीने म्हणायचो.

एकदा संध्याकाळी ते एका बाईकडे गेले होते. तिची सहा वर्षांची मुलगी तिचा हात धरून शाळेतून घरी येताना टेम्पोखाली सापडली होती. भरपाईचा अर्ज नवऱ्याने केलेला. बाई पैशांबद्दल चकार शब्द बोलली नाही.

"हात कोणी सोडला?" भाऊजींनी विचारलं.

"मी नाही सोडला."

"दुसऱ्या हातात पिशव्या होत्या ना? क्षणभर सैल झाला असेल."

बाईने आपल्या तळहाताकडे पाहिलं.

"झाला असेल… मला आठवत नाही हो."

भाऊजींना एवढंच हवं होतं. आईचा निष्काळजीपणा. भरपाई निम्मी.

दारात बाईने विचारलं, "म्हणजे माझ्यामुळेच गेली का ती?"

भाऊजी बूट चढवून निघाले.

अपघात झाला तो रस्ता घरासमोरच होता. पलीकडे त्यांची गाडी. वाहनं थांबली, भाऊजींनी पाऊल टाकलं…

आणि कोणीतरी त्यांची करंगळी धरली.

लहानशी मूठ. उबदार. किंचित चिकट, आत्ताच खाऊ खाल्ल्यासारखी.

त्यांनी खाली पाहिलं.

कोणी नव्हतं.

मूठ मात्र होती.

थांबायचंही धाडस होईना, म्हणून भाऊजी चालत राहिले. मधोमध आल्यावर मूठ घट्ट झाली… आणखी घट्ट… आणि असा हिसका बसला की ते गुडघ्यांवर आपटले.

करंगळी मोकळी झाली होती.

तिथे डांबरावर बसल्या जागी त्यांना कळलं. हात कोणी सोडलाच नव्हता. तो टेम्पोच्या धडकेने हिसकावला गेला होता.

ते लंगडत परत गेले आणि बाईला सगळं सांगितलं. तिने एवढंच विचारलं, "कोणतं बोट?"

"करंगळी."

बाईने स्वतःची करंगळी मुठीत धरली.

"तेवढंच धरायची. मीच बजावलं होतं, घर येईपर्यंत सोडायचं नाही."

भाऊजींनी तो जबाब फाडला. भरपाई पूर्ण मिळाली. कंपनीत बोलणी खाल्ली, पण प्रकरण मिटलं.

त्यांच्यापुरतं मिटलं नाही. कुठलाही रस्ता ओलांडायला गेलं की मूठ येते… आणि मधोमध हिसका.

शेवटी भाऊजींनी हेही तिला सांगितलं, तेव्हा बाईच म्हणाली, "मी सोबत येते. तिला घरी आणू या."

दोघं शाळेकडच्या बाजूने तोच रस्ता ओलांडून घराकडे निघाले. बाईला काहीच जाणवत नव्हतं.

"आहे का?"

"आहे."

पुढच्याच पावलाला, अगदी मधोमध, हिसका बसला. भाऊजींनी ओठ दाबून तो सोसला आणि चालत राहिले.

दाराशी आल्यावर बाईने विचारलं, "आली का?"

करंगळी मोकळी होती.

"आली," ते म्हणाले.

बाईने दार उघडलं. बाजूला सरकून कोणाला तरी आधी आत जाऊ दिलं. मग स्वतः गेली आणि दार लावून घेतलं.

शेजारी सांगतात, हल्ली संध्याकाळी त्या घरातून बोलण्याचा आवाज येतो. एकट्या बाईचाच.

परवा मी भाऊजींसोबत रस्ता ओलांडत होतो. त्यांची करंगळी जरा बाजूला काढलेली होती… आणि पावलं अगदी लहान पडत होती.

त्यांचा हात कोणी धरणार नाही, असं आता आमच्या घरात कोणी म्हणत नाही.