जावयाचं ठिगळ

वारा काय कुणाच्या बापाचा नोकर! एकतीस सालची गोष्ट. श्रीवर्धनच्या अंगणात सफुरा घरच्या गलबताचं जुनं शीड उन्हाला घालत होती. ते हातून सुटलं आणि आपल्या काकाच्या वाडीतली सुपारी पोचवायला आलेल्या पोरावर जाऊन पडलं... धप्पकन!

"या अल्ला! कोण हाय आत?"

"म्हसळ्याचा हमीद," शिडाखालून आवाज आला. "जिता हाय... अजून तरी!"

शीड सरलं, नजर अडकली. हमीद आगबोटीवर भट्टीत कोळसा घालायचा; सध्या रजेवर आला होता. कानामागे कोळशाचा काळा डाग तसाच होता.

"हा डाग धुतला न्हाय?"

"निघत न्हाय. तू बघ घासून!"

"चल, चावट!" म्हणाली खरी, पण गाल तापले. मग काय, हमीदला श्रीवर्धनात रोज काम निघू लागलं. शेवटी त्याच्या काकाने रीतसर मागणी घातली.

सफुराचे आजोबा अब्दुस्समददादा मात्र तिखट. घरची रीतच होती — होणाऱ्या जावयाने शिडाला स्वतःच्या हाताने ठिगळ लावायचं. सफुराच्या पणजीच्या नवऱ्यापासून सगळ्यांची ठिगळं त्यावर होती. आगबोटी आल्या, गलबत खाडीत कुजलं, शीड तेवढं उरलं.

"धूर खाणाऱ्याला सुई काय ठावी?" दादा गुरगुरले. "उद्या ठिगळ लागलं न्हाय, तर नात मिळायची न्हाय!"

 संध्याकाळी सफुरानेच गुपचूप ठिगळ शिवलं. सकाळी हमीदच्या कानात कुजबुजली, "गप ऱ्हा... झालंय."

दादांनी ठिगळावरून बोट फिरवलं. "झ्याक! तुझंच ना?"

हमीदने तिच्याकडे पाहिलं. ती डोळ्यांनी विनवत होती — हो म्हण!

"न्हाय दादा. तिचं हाय. मला शिवता येत न्हाय... पण शिकेन."

"ठावं हाय. तिला टाका मीच शिकवलाय. उसव ते!"

हमीदने उसवलं आणि दुपारपर्यंत शिवत बसला. बोटं रक्ताळली, ठिगळ वाकडंच लागलं.

"असल्या ठिगळानं गलबत बुडंल," दादा म्हणाले.

सफुराला रडूच फुटलं.

"रडतेस काय, येडे? गलबत हाय कुठं आता?" दादांचाही आवाज ओला झाला. "खोटं बोलला असता, तर हाकलला असता. शीड मांडवाला घाला. तुमच्या डोक्यावर सावली तरी धरंल."

निकाह झाला. त्याच शिडाखाली दोघं पहिल्यांदा शेजारी बसली आणि सफुराच्या चेहऱ्यावर उन्हाचा कवडसा पडला.

"तुझ्या ठिगळातनं ऊन येतंय," ती पुटपुटली.

"मुद्दाम ठेवलंय," हमीद म्हणाला. "तू दिसावीस म्हणून..."