धक्क्यावरचा शेवटचा सीन

वळण घेतलं आणि कचकन ब्रेक दाबला. रस्त्याच्या मधोमध एक माणूस उभा — खांद्यावर कॅमेरा, पायांत दोन वेगळ्या चपला.

"तुमची बस परत एकदा येईल का हो... वळणावरून? फार सुंदर आली!"

"बस आहे, नवरी नाही. बाजूला व्हा."

मागच्या बाकावरून फिलोमेना मावशी खिदळल्या, "मासिना, घे गं मागे. देखणा आहे!"

घेतली मागे. काय करणार... हसताना त्याच्या गालाला खळी पडत होती.

तानिएलू त्याचं नाव. जन्म सामोआतल्या आमच्याच सवाई बेटावरचा, वाढला ऑकलंडला. दोन छोटे सिनेमे केलेले. तिसऱ्याच्या वेळी निर्माता म्हणाला, इंग्रजीत कर, नटी बाहेरची घे. हा म्हणाला, माझी माणसं सामोअनच बोलतील. निर्मात्यानं हात झटकले. मग एका मित्राला घेऊन हा बोटीनं इथे आला.

"नायिका व्हाल?" दुसऱ्या दिवशी माझ्याच बसमध्ये बसून त्यानं विचारलं.

"मला अभिनय येत नाही."

"छान! मला शिकवता येत नाही."

त्याची तऱ्हाच निराळी. कॅमेरा लावायचा आणि नीरफणसाच्या झाडाखाली पाय पसरून बसायचं. माणसं कंटाळायची, भांडायची, कॅमेरा विसरून जायची — तेव्हा कुठे त्याचे डोळे लकाकायचे. माझ्यावर ते जरा जास्तच रेंगाळायचे. मीही काही नजर वळवत नव्हते म्हणा!

शेवटचा सीन धक्क्यावरचा. प्रियकर बोटीनं निघालाय, नायिकेला चल म्हणतो. ती नकार देते. प्रियकराचं काम करणारा ऐन वेळी तापानं पडला. कॅमेरा मित्राकडे देऊन तानिएलू स्वतःच माझ्यासमोर उभा राहिला. वाऱ्यानं माझे केस त्याच्या खांद्यापर्यंत उडत होते.

"चल माझ्याबरोबर," तो म्हणाला.

मला फक्त 'नाही' म्हणायचं होतं. तोंडून निघालं, "तूच राहा ना..."

तो बघतच राहिला. ओठ हलले, शब्द फुटेना. बोटीचा भोंगा वाजला. कॅमेरा चालूच.

आणि संकलनासाठी तो खरोखरच ऑकलंडला गेला. उत्तर न देता. फोन यायचे, पण सिनेमाबद्दलच. मी तरी कशी विचारणार?

मधे तो निर्माता पुन्हा आला. शेवटी नायिकेला बोटीत चढव, जगभर दाखवतो, म्हणाला. "ती जे बोलली तेच राहील," तानिएलूनं सांगितलं. त्याच सिनेमाला सिडनीच्या महोत्सवात पहिलं बक्षीस मिळालं! टाळ्या थांबेनात म्हणे.

बक्षीस घेऊन तो थेट आमच्या गावात आला. चर्चच्या सभागृहात पांढरी चादर ताणली, सगळं गाव चटयांवर बसलं. मी पार मागे. शेवटचा सीन आला. पडद्यावरची मी म्हणाले, "तूच राहा ना..." तो गप्प... गप्पच...

"अरे, बोल की मेल्या!" फिलोमेना मावशी कडाडल्या. मग सगळ्याच बायका, "बोल! बोल!"

तानिएलू उठून चादरीपुढे आला. त्याच्या सदऱ्यावर माझाच चेहरा हलत होता.

"राहतो," तो म्हणाला. मग माझ्याकडे बघत, हळूच — "ठेवून घेशील?"

मी उत्तर दिलं. पण सभागृहात असा जल्लोष उसळला की त्याला काही ऐकूच आलं नाही... मग काय, अगदी जवळ जाऊन पुन्हा सांगावं लागलं.