दोन ओळींमधली जागा

तेगूहची आणि माझी पहिली भेट तुलुंगआगुंग गावातल्या एका लग्नात झाली. मी दांगदुतच्या, म्हणजे ढोलकीच्या ठेक्यावरच्या नाचऱ्या गाण्यांच्या ताफ्यात गाते. त्या दिवशी ढोलकीवाला तापाने आडवा, म्हणून कुणीतरी तेगूहला धरून आणलं होतं. मांडवामागे तो भात आणि सोयाबीनचं तळलेलं तेम्पे खात बसला होता.

"गाणी येतात का?" मी विचारलं.

"नाही. तुमचा खांदा बघीन," घास गिळत तो म्हणाला. "तो उडाला की थाप."

"फक्त खांदाच बघायचा हं!"

"बघतो… जमलं तर."

कसला आगाऊ! पण वाजवायला मात्र पक्का. ओळ संपली की ढोलकीवाल्याने माईकवर हाळी द्यायची, ही आमच्याकडची रीत. तेगूहची "हाय्या… हाय्या!" अशी यायची, की म्हाताऱ्याही खुर्च्या सोडून नाचायच्या. तो ताफ्यातच राहिला; दोन वर्षं मी दोन ओळींमध्ये जागा सोडत गेले आणि तो भरत गेला. थट्टेत पुढे, पण मनातलं बोलायची वेळ आली की बाबा मुखदुर्बळ! मोटारसायकलवरून मला घरी सोडताना नुसत्या रस्त्यातल्या खड्ड्यांच्या गोष्टी.

मग जकार्ताहून बोलावणं आलं. टीव्हीवरची गाण्याची स्पर्धा, तीन महिने.

"जा की," तेगूह म्हणाला.

"आणि हाळी कोण देणार?"

"देईल कुणीतरी."

असा राग आला मला! थांब म्हणू नकोस बाबा, पण 'परत ये' एवढं तरी…

जाण्याआधीचा शेवटचा कार्यक्रम ब्लितारला एका लग्नात होता, भर दुपारी. मी पहिली ओळ गायले, जागा सोडली. हाळी नाही. दुसरी ओळ गायले — तरी नाही. पाहुणे एकमेकांकडे बघायला लागले. मी वळले. तेगूह मान खाली घालून बसला होता.

"काय रे, घसा बसला?" मी माईकवरच विचारलं. मांडव हसला.

"नाही… तू गेल्यावर ही जागा कशी वाटेल, ते ऐकत होतो."

"मग?"

"नाही सहन होत गं." त्याचाही माईक चालू होता, पण त्याला त्याची शुद्ध कुठली! "तू जा, निंग्रुम. जिंक. पण परत ये. माझं प्रेम आहे तुझ्यावर."

नवरदेवाने शिट्टी मारली. माझे डोळे भरून आले. माईक बाजूला धरून मी हळूच म्हणाले, "येईन."

मग मी लोकांकडे तोंड केलं आणि खांदा उडवला. थाप बरोब्बर पडली.