लिऊ डॉक्टरांची खुर्ची

जळगावात मे महिन्याच्या भर दुपारी रस्त्यावर कुत्रंही फिरकत नाही. अशाच एका दुपारी हर्षिता आपल्या आजोबांना, सुरेशचंद दादासांना, त्यांच्याच कापडाच्या दुकानामागच्या गोदामात घेऊन आली. ती माहितीपट बनवायची. बासष्टच्या चीन युद्धात आपल्याच देशातल्या चिनी वंशाच्या कुटुंबांना पोलिसांनी उचललं आणि राजस्थानातल्या छावणीत कोंडलं, त्यावर तिचं काम चाललं होतं. त्यातलं एक कुटुंब याच गोदामाच्या जागेत राहायचं. दातांचे डॉक्टर लिऊ. जन्म कलकत्त्याचा, बोली मात्र पक्की खानदेशी.

घरातलं घरात राहू दे, असं वडिलांनी तिला बजावलं होतं. तिनं ऐकलं नाही. दादासा मात्र सहज तयार झाले, याचंच तिला नवल वाटत होतं.

कापडाच्या गाठींआड डॉक्टरांची जुनी लोखंडी खुर्ची पडून होती. गुडघे दुखतात म्हणून दादासा तिच्यातच टेकले. हर्षितानं कॅमेरा लावला.

"लिऊ डॉक्टर स्वतःहून गेले," दादासांनी सुरुवात केली. "जाताना ही जागा मलाच..."

खुर्ची हळूच मागं कलली.

गंजलेलं लोखंड, पण करकरलंसुद्धा नाही. दादासांचं तोंड उघडलं आणि उघडंच राहिलं. लवंगेच्या तेलाचा वास दाटून आला. कुठंतरी ताटलीत बारीक हत्यारं किणकिणली. तिथं ताटली नव्हतीच. दादासांचे डोळे वर, कुणाच्या तरी चेहऱ्यावर खिळले होते.

कॅमेरा बंद करावा, म्हाताऱ्याला ओढून बाहेर न्यावं, म्हणून हर्षितानं हात पुढं केला. तेवढ्यात खुर्चीपाशी कुणीतरी अगदी मायेनं बोललं.

"खरं सांग, भाऊ... दुखनार नही..."

हर्षितानं हात मागं घेतला. कॅमेरा चालूच राहिला.

दादासांचा जबडा सुटला. "त्याची बायको रेडिओवर गाणी ऐकायची... मी पोलिसांत सांगितलं, हे चीनशी बोलतात... मला ही जागा पाहिजे होती..."

खुर्ची सरळ झाली. दारापर्यंत येताच दादासांनी हे सगळं पुसून टाक म्हणून तिच्यापुढं हात जोडले, मग शपथ घातली, शेवटी पुन्हा घराची पायरी चढू नको म्हणाले.

"नाही चढणार," ती म्हणाली. "पण पुसणारही नाही."

ते आणखी काही बोलणार, तोच त्यांचा हात गालाकडे गेला. त्यांनी तोंडातून कापसाचा ओला बोळा काढला आणि घाबरून टाकून दिला. हर्षितानं तो उचलून उलगडला. आत एक दात होता. एवढासा, दुधाचा.

"त्यांना मूल होतं?" तिनं हळूच विचारलं.

दादासांनी दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं. मान मात्र होकारार्थी हलली.

हर्षिता घाबरली होती, पण हटली नाही. तिनं दादासांना धरून पुन्हा आत नेलं आणि कॅमेरा त्यांच्याकडे वळवला.

"त्या लेकराचं नाव सांगा, दादासा."

तिच्या तळहातावरचा दात अजून कोमट होता.