मूर्तीखालचा खळगा

विश्वास ठेवायचा की नाही ते तुम्ही ठरवा. मला आता कुणाला पटवत बसायचा कंटाळा आलाय. रूममेटला सांगितलं, तो हसला. डॉक्टरला सांगितलं, त्याने हाताला लावायचं क्रीम लिहून दिलं. पण जे झालं ते माझ्याच बाबतीत झालं, आणि त्याची तारीख मला पाठ आहे.

मंगळवार, ९ डिसेंबर २००८. केंब्रिज. दुपारचे पावणेचार.

हो, दुपारचेच. रात्री बाराची वाट बघायची गरज इकडच्या डिसेंबरात कुणालाच पडत नाही. चारला काळोख होतो.

मी प्रणव. पुण्याचा. तेव्हा कॉम्प्युटरमध्ये मास्टर्स करत होतो. प्रोजेक्ट रखडला होता आणि ३१ जानेवारीला माझा व्हिसा संपत होता. मुदत वाढवायची तर विद्यापीठाचं पत्र हवं. पत्र हवं तर प्रोजेक्ट पूर्ण हवा. नाहीतर बॅग भरा आणि घरी जा. वडिलांनी गावाकडची जमीन विकून मला पाठवलं होतं, त्यामुळे हात हलवत परत जाणं शक्यच नव्हतं.

प्रोजेक्ट म्हणजे काय, तर एका जुन्या खासगी संग्रहातल्या २१४ मूर्ती आणि दगड कॉम्प्युटरवर चढवायचे. सगळे चोळ काळातले, म्हणजे हजार वर्षांपूर्वीच्या तमिळ साम्राज्यातले. मला चोळांचं काय ठाऊक? तंजावर म्हटलं की आमच्या घरी भोसले राजे आठवतात, त्याच्या आधी तिथे कुणी होतं हेच मला नवीन होतं.

काम देणारे होते डॉ. श्रीनिवास. मोठे विद्वान. चोळ राजांची सत्ता आणि कला यावर त्यांचं पुस्तक येणार होतं. माझी यादी त्या पुस्तकाच्या मागे छापली जाणार होती. माझं नाव? छे. "स्टुडंट हेल्प" एवढंच.

त्यांनी नियम घालून दिला होता. एकही रकाना रिकामा नको. मूर्ती कुणाची, कोणत्या देवळातली, दान कुणी दिली, कुणी घडवली. घडवणारा माहीत नसेल तर "अननोन" लिहायचं, पण रिकामं सोडायचं नाही. दोनशे चौदाच्या दोनशे चौदा नोंदी पूर्ण झाल्या की पत्रावर सही.

मी सगळ्या भरल्या. घडवणारा अननोन, अननोन, अननोन... दोनशे चौदा वेळा.

दुसऱ्या दिवशी सकाळी रिपोर्ट बघितला. २१३.

मूर्ती क्रमांक १४७. घडवणाऱ्याचा रकाना... रिकामा.

माझीच चूक असेल म्हणून पुन्हा भरला. सेव्ह केलं. डोळ्यांनी बघितलं.

सकाळी पुन्हा २१३.

असं सहा दिवस चाललं. मी प्रोग्रॅम उघडून एकेक ओळ तपासली. कुणी रात्री लॉग इन करतंय का ते बघितलं. कुणीच नव्हतं. बाकीचे २१३ अननोन जागच्या जागी, गुण्यागोविंदाने नांदत होते. हा एकच पुसला जायचा. मी कीबोर्डवर मूठ आपटली, तर स्पेसबार निखळला.

डॉ. श्रीनिवास यांना सांगितलं.

"वन फील्ड, प्रणव," ते चष्मा पुसत म्हणाले. "यू आर अ कॉम्प्युटर मॅन. अँड यू कान्ट फिल वन फील्ड?"

"सर, घडवणाऱ्याचं नाव कुठेच मिळत नाही का?"

ते हसले. मग त्यांनी मला इंग्रजीत लेक्चरच दिलं. म्हणाले, देवळाच्या भिंतींवर बघ, राजाचं नाव आहे, राणीचं आहे. दिव्याच्या तुपासाठी ज्याने मेंढ्या दिल्या त्याचंही आहे. देवासमोर नाचणाऱ्या बायकांची नावं आहेत, त्या कुठल्या गल्लीत राहायच्या तेही कोरलंय. पण ब्राँझ ओतणारा? त्याला कोण विचारतो? १४७ ही राणीने दिलेली पार्वती आहे, राणीचं नाव बैठकीवर आहे, तेच महत्त्वाचं.

"तुझं काम फक्त टायपिंगचं आहे," ते म्हणाले.

हे मला लागलं. खोटं कशाला बोलू?

संग्रह शहराबाहेर एका गोदामात ठेवलेला होता. टाइल्सच्या दुकानामागे, तासाला एक बस. तिथे मूर्तींची देखभाल करायला उल्का असायची. लंडनच्या हाउन्सलोची. तिचे आजोबा साठ साली इकडे आले. तिचं मराठी ऐकून मला हसू यायचं, पण त्या गोदामात मराठी बोलणारं दुसरं कुणी नव्हतं, म्हणून मी गप्प बसायचो.

तो मंगळवार उजाडला. गुरुवारी डॉ. श्रीनिवास महिनाभरासाठी चेन्नईला जाणार होते. म्हणजे पत्र हवं तर बुधवारीच.

मी गोदामात गेलो तेव्हा उल्काने १४७ आडवी करून फोमवर निजवली होती. दोन फुटांची पार्वती. बैठकीला दोन्ही बाजूंनी भोकं होती, मिरवणुकीत दांडे घालून उचलायला. उल्का खालच्या बाजूचे फोटो काढत होती.

"इकडे ये, प्रणव. एक मज्जा दाखवते." तिने टॉर्च धरला. "हे बघ."

बैठकीच्या आत, जिथे कुणाची नजर जाणार नाही अशा जागी, एक खळगा होता. अंगठ्याएवढा.

"ते आधी वॅक्समध्ये बनवतात ना," ती म्हणाली. "मग वरून क्ले लावतात. गरम केला की वॅक्स वाहून जातो आणि मेटल ओततात. मग क्ले तोडायचा. म्हणून एकच होते मूर्ती, सेकंड कॉपी नाही. तर मला वाटते, कोणीतरी वॅक्समध्ये अंगठा प्रेस केला. ऑन पर्पज."

"सही केली म्हण ना."

"हो, पण वीअर्ड काय आहे माहितीये? वॅक्स सगळं कॉपी करतो. स्किनचे लाइन्स पण यायला पाहिजे होते." तिने टॉर्च जवळ नेला. "इकडे काहीच नाही. एकदम स्मूद. जसा कोणी पुसून टाकला."

खळगा खरंच गुळगुळीत होता.

टक... टक... टक...

बारीक आवाज. छोट्या हातोडीसारखा.

"तुमचे हीटिंगचे पाइप फार वाजतात," मी म्हणालो.

उल्काने माझ्याकडे बघितलं. "पाइप्स? इकडे पाइप्स नाहीत. पाणी अलाउडच नाही, मूर्ती आहेत ना." तिने टॉर्च बंद केला. "मला पण ऐकू येते कधी कधी. मी रेडिओ लावते."

तिला गाडीतून कॅमेऱ्याची बॅटरी आणायची होती. जाताना तिने मला निळे हातमोजे दिले. "टच करू नको. केलास तर हे घाल."

पावणेचार वाजले होते. वरच्या खिडकीत उजेड संपत आला होता. मी हातमोजे टेबलावर टाकले, ते घालून टाइप करता येत नाही. लॅपटॉपवर १४७ ची नोंद उघडली. अननोन. सेव्ह.

माझ्या डोळ्यांदेखत तो शब्द गेला.

सकाळपर्यंत थांबलासुद्धा नाही.

पुन्हा. सेव्ह. गेला. पुन्हा... गेला. हवा कोरडी ठेवणारं मशीन घरघरत होतं, आणि त्याच्या मागे तो आवाज. टक... टक... प्रत्येक वेळी शब्द पुसला की एक टक.

मला भीती नाही वाटली. खरं सांगतो, मला संताप आला. बापाने जमीन विकली, मी सहा महिने राबलो, पुस्तकावर नाव दुसऱ्याचं, आणि एका रकान्यासाठी मी घरी जायचं? मी मूर्तीकडे वळलो आणि जोरात ओरडलो, "अरे, मग तुझं नाव काय ते तरी सांग ना!"

आवाज थांबला.

मशीनही थांबलं. इतकं शांत झालं की मला माझाच श्वास ऐकू येत होता. आणि वास आला... मेणाचा. राळेचा. कुणीतरी अगदी शेजारी मेण तापवत बसल्यासारखा.

मी त्या खळग्यात अंगठा घातला. उजवा अंगठा. हातमोज्याशिवाय.

तो चपखल बसला.

गोदाम सोळा डिग्रीवर होतं. धातू गार लागायला हवा होता. तो गरम होता. आणि मऊ.

मी हात मागे ओढला. मग प्रोग्रॅमिंग करणारा कुणीही करेल तेच केलं. रकाना चालतोय का ते बघायला आम्ही काय टाकतो? स्वतःचं नाव. मीही टाकलं. प्रणव.

सेव्ह.

राहिलं.

उल्का परत आली तेव्हा मशीन घरघरत होतं. "काय रे, व्हाइट दिसतोस," ती म्हणाली. मी म्हणालो, बस चुकेल.

बुधवारी सकाळी रिपोर्टमध्ये २१४. डॉ. श्रीनिवास यांनी फक्त आकडा बघितला आणि पत्रावर सही केली. नोंदी उघडून बघितल्याच नाहीत. मी ते पत्र छातीशी धरून सायकल हाकली.

संध्याकाळी उल्काचा फोन. "प्रणव, वन फोर सेव्हनवर मेकर म्हणून तुझा नाव आहे."

"टेस्टिंगसाठी टाकलं होतं."

"मग काढ ना. प्लीज. मला नाही आवडत. कोणाचा तरी काम आहे ते."

"काढतो. व्हिसा होऊ दे, मग काढतो."

काढलं असतं तर पुन्हा २१३ झाले असते. चेन्नईहून डॉ. श्रीनिवास यांनी रिपोर्ट उघडला असता तर? नको ती भानगड. आधी माझं काम होऊ दे, असं ठरवून मी मोकळा झालो. लाज वाटते सांगायला, पण तेव्हा वाटली नाही.

परदेशी विद्यार्थ्यांना तेव्हा व्हिसाचं नवीन कार्ड सुरू झालं होतं. त्यासाठी बोटांचे ठसे द्यायला लंडनच्या क्रॉयडनला जावं लागायचं. माझी तारीख १४ जानेवारी. संक्रांत. आईने सकाळीच फोन करून फोनवरच तिळगूळ दिला आणि "गोड बोल, चिडू नकोस," असं बजावलं.

काउंटरवरची बाई चांगली होती. डाव्या हाताची बोटं झाली. उजव्या हाताची चार झाली.

अंगठा.

मशीनने लाल दिवा दाखवला.

"पुन्हा ठेवा." ठेवला. लाल. तिने काच पुसली. माझा अंगठा पुसला. लाल. मग तिने माझा हात हातात घेतला आणि दिव्याखाली धरून निरखून बघितला.

"सर, तुम्ही हाताने काही काम करता का? विटांचं? भट्टीवर?"

"मी टायपिंग करतो," मी म्हणालो.

मी खाली बघितलं. रोज बघत असतो आपण आपला हात, पण अंगठ्याची आतली बाजू कोण बघतो? तिथे एकही रेघ नव्हती. जखम नाही. भाजल्याची खूण नाही. नुसती गुळगुळीत कातडी.

तिने वरिष्ठांना बोलावलं. दोघांनी कागदावर काहीतरी लिहिलं आणि माझा अर्ज पुढे गेला. पुढे कार्डही आलं. मला हवं होतं ते सगळं मिळालं.

बाहेर येऊन मी उल्काला फोन लावला. 

"उल्का, तो खळगा... जरा बघतेस?"

तिची पावलं ऐकू आली. मग टॉर्चचा खटका. 

"उल्का?"

"प्रणव..." तिचा आवाज अगदी बारीक झाला होता. "लाइन्स आहेत. क्लिअर लाइन्स. माझ्याकडे डिसेंबरचा फोटो आहे, तिकडे नाहीत. आता आहेत."

"माझं नाव काढ. आत्ता काढ!"

कीबोर्डचा आवाज आला. "काढला. अननोन टाकला." ती थांबली. मीही थांबलो. क्रॉयडनच्या रस्त्यात मी डोळे मिटून उभा होतो आणि मनातल्या मनात म्हणत होतो, तो शब्द पुसला जाऊ दे, देवा, पुसला जाऊ दे...

"आता राहते आहे," ती म्हणाली.

आजही तो शब्द तिथे आहे. पुसला जात नाही.

मी सध्या मिल्टन कीन्सला नोकरी करतो. ऑफिसच्या दाराला अंगठा लावून आत जायचं असतं. सगळे जातात. मी रिसेप्शनला सही करतो. पोरं मला उलटा अंगठेबहाद्दर म्हणून चिडवतात आणि मी हसण्यावारी नेतो. कधीकधी कोड लिहिताना उजवा अंगठा आपोआप गरम होतो. तेव्हा मी उठतो आणि गार पाण्याखाली धरतो.

एक गोष्ट उरली आहे. २००५ साली बाबांनी पुण्यात फ्लॅट घेतला तेव्हा रजिस्ट्रारच्या ऑफिसात माझाही अंगठा घेतला होता. जांभळ्या शाईतला. बाबांनी त्या पानाची झेरॉक्स पाठवली आहे. उल्काने खळग्याचा नवा फोटो पाठवला आहे.

त्या रेघा माझ्या आहेत, की हजार वर्षांपूर्वीच्या कुणाच्या तरी? दोन्ही कागद शेजारी ठेवले की पाच मिनिटांत कळेल.

दोन्ही माझ्या ड्रॉवरमध्ये आहेत. वेगवेगळ्या पाकिटांत. अजून मी ती उघडलेली नाहीत.