डुगडुगणारी खुर्ची

नागपूरच्या बसमध्ये उर्वशीला खिडकी मिळाली, आणि शेजारी एक गप्प माणूस. झालं! समोरचा गप्प असला की हिच्या तोंडाला जोर चढायचा. भद्रावती यायच्या आत तिने सगळं सांगून टाकलं... चंद्रपूरच्या सरकारी कॉलेजात ती इतिहास शिकवायची, मुदत संपायच्या आधीच तिला आलापल्लीला पाठवलं, आणि त्या बदलीविरुद्ध आज न्यायाधिकरणात पहिली तारीख.

“आणि माझ्या जागेवर आणला कोण, तर तिथलाच एक. वशिल्याचा मेला! भेटू दे एकदा...”

“भेटला समजा,” तो म्हणाला. “मीच तो. आदेश.”

उर्वशीचे कान तापले. बाहेर सोयाबीन पिवळं पडलं होतं, ती तेच बघत बसली.

“वशिला नाई हो मॅडम. ऐन उमेदीची वर्षं जंगलात काढली, तवा कुठं नंबर लागला,” तो हसला. “पण तुमची खुर्ची लई डुगडुगते.”

“पायाखाली कागदाची घडी घालावी लागते,” ती पुटपुटली, आणि तिलाही हसू फुटलं.

तारखा पडत गेल्या. कोर्टात दोघांचे वकील एकमेकांवर तुटून पडायचे, आणि परतीच्या बसमध्ये हे दोघं एकाच कागदातली बोरं खायचे. आलापल्लीत तिने खोली घेतली तीही त्याचीच जुनी, घरमालकीण ललिताबाईंकडची. संध्याकाळी फोन यायचा.

“सागाच्या पानांवर पाऊस वाजून राह्यला का?”

“कान किटले माझे!”

“मले इथी झोप नाई येत त्याच्याबिगर.”

तिलाही हल्ली त्या फोनशिवाय झोप येत नव्हती. पण हे कोण सांगणार?

शेवटच्या तारखेला, कोर्टाबाहेरच्या टपरीवर, तो चहाच्या कपाकडे बघत म्हणाला, “एक उपाय आहे. नवरा-बायको दोघंही सरकारी नोकरीत असले, तर एकाच गावी ठेवतात. नियमच आहे.”

“मग?”

“मंग... आपण भांडून काऊन राह्यलो?”

होकार अगदी ओठांवर आला होता हो तिच्या! पण मनात एक किडा वळवळला — जागा वाचवायला तर विचारत नसेल ना हा?

“आधी निकाल लागू दे,” ती म्हणाली. त्याने चहा संपवला आणि पुन्हा तो विषय काढला नाही.

निकाल उर्वशीच्या बाजूने लागला. तिची बदली रद्द झाली, आणि आदेशला पुन्हा आलापल्ली मिळाली.

तो निघाला त्या सकाळी ती चंद्रपूरच्या स्टँडवर धावतपळत पोचली. त्याची पेटी टपावर चढली होती.

“माझं उत्तर हो आहे,” ती धापा टाकत म्हणाली. “तेव्हा मला वाटलं, तू मस्करी करतोयस.”

“नाई, उर्वशी. तुले वाटलं, मी खुर्चीसाठी विचारून राह्यलो.”

तिने त्याची बाही धरली.

“चुकलं माझं... आता विचार ना.”

त्याने तिच्या कपाळावरची ओली बट बोटाने मागे सारली.

“तवा तुझी जागा माह्याकडंच होती, म्हून विचारता आलं. आता तर मले जागा खरंच पाहिजे, इथी, तुह्याजवळ. आता विचारलं, तर मलेच कळणार नाई, कशासाठी विचारलं ते.”

“मला कळेल!”

“तवा नाई कळलं ना,” तो हळूच म्हणाला. त्यात राग नव्हता, आणि तेच तिला सोसवेना. कंडक्टरने घंटी मारली. तो चढला, खिडकीतून बघत राहिला, आणि बस आलापल्लीच्या वाटेला लागली.

दुपारी ती स्टाफरूममध्ये गेली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, कोणी पेढेही आणले होते. सवयीने कागदाची घडी करून ती खुर्चीजवळ वाकली... तर आखूड पायाला सागाचा तुकडा ठोकून, घासून, नीट बसवलेला.

ती खुर्चीवर बसली. मागे टेकली, पुढे झुकली. खुर्ची जराही हलली नाही, आणि उर्वशी सगळ्यांदेखत रडायला लागली.