परकी चाल

सिनेमातली पावलं पडद्यावर चालणाऱ्याची नसतात, तिची असतात. पडद्याकडे डोळे लावून ती बंद खोलीत फरशीच्या तुकड्यावर, वाळूच्या ट्रेमध्ये चालायची आणि काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट तो आवाज पकडायचा. जसं पात्र तसा जोड. फळीवर बुटांची रांगच होती. काम शिकवणाऱ्या म्हाताऱ्याने एकच बजावलं होतं: निघताना दारात आपल्या चपला घालून आपल्या चालीने जागच्या जागी थोडं चालायचं. दुसऱ्याची चाल घरी न्यायची नाही. तिला त्याचं हसू यायचं, पण चुकवलं कधीच नव्हतं.

या वेळचा सिनेमा सुडाचा होता. अत्याचार करून मोकळा सुटलेला माणूस, आणि मग नायिकेच्या हातात सळई. इथे टाळ्या पडणार, असं दिग्दर्शक सांगून गेला होता. शेवटी नायिका तोंड धुऊन उन्हात चालू लागते. बरंय हिचं, तिच्या मनात आलं.

तिच्यावर हात टाकणाऱ्याचा तर तिने चेहराही पाहिला नव्हता. लग्नाआधीची गोष्ट. दिवे गेलेल्या जिन्यात तो मागून आला होता. उरली ती नुसती चाल: उजवं पाऊल ठाम, डावं फरफटत. चालीवरून कुणाला धरायचं, असं पोलिसांनी विचारलं होतं. तेव्हापासून जिन्यात कुणीही चढलं की तिचा श्वास अडायचा. आता घरात रांगती लेक होती. ती चालायला लागायच्या आत हे कानातून जाऊ दे, एवढंच तिला हवं होतं.

खलनायकाचे जड बूट तिने चढवले. ठरवलं काहीच नव्हतं.

ठप्... सर्र. ठप्... सर्र.

एरवी चेष्टेशिवाय न बोलणाऱ्या रेकॉर्डिस्टने मान वर केली. "कुठून आणलीत ताई ही चाल?"

"सुचली."

मग सळईचा प्रसंग. डोक्याच्या जागी ओल्या फडक्यात बांधलेला कोबी, हातात सळई. बूट पायातच राहिले होते. मारणारी तीच, मरणाराही तीच. पहिल्याच घावाला कोबी तडकला, खोलीभर त्याचा कच्चा वास पसरला. पडदा काळा झाला तरी तिचा हात थांबेना.

"ताई," काचेपलीकडून हळूच आवाज आला, "तो मेला केव्हाच."

ती थांबली. कानात काही नव्हतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच काही नव्हतं. तिला रडू फुटलं.

सर्र.

"हललात का?" त्याने विचारलं.

ती हलली नव्हती. त्याने ते पुन्हा लावलं. पाऊल दाराकडे जात होतं. उंदीर असेल, तो म्हणाला, आणि स्वतःच हसला नाही.

तेवढ्यात आईचा फोन आला. "अगं, तुझी लेक टेबल धरून उभी राहिलीय. पहिलं पाऊल बघायला पळत ये, तोवर धरून ठेवते तिला."

तिने बूट भिरकावले, चपलांत पाय सरकवले आणि धावली. दारात थांबायचं राहूनच गेलं.

घराच्या जिन्यात मागून कुणीतरी चढत होतं. तिचा श्वास अडला नाही. तिने वळूनही पाहिलं नाही.

दार उघडं होतं. तिला पाहताच लेकीने दोन्ही हात पसरले आणि टेबल सोडलं.

उजवं पाऊल ठाम पडलं. मग डावं, फरशीवरून हळूहळू ओढत आलं.

आई टाळ्या वाजवत होती.